मेरेरेच्या अर्ध्या गोळ्या

नोनौती बेट, ४ मार्च

चि. तेकारेईस,
रोतियाताईचे अनेक आशीर्वाद, वि. वि.

तिकडे राजधानीत, तारावाच्या ऑफिसात पंख्याखाली बसलास की बहीण कशाला आठवेल! म्हणून मीच लिहिते. तुझ्या संस्थेने फुकट दिलेल्या गोळ्यांनी माझ्या मेरेरेचा क्षय हटत आलाय. पोर मासा-भात मागून खाते. छातीचा फोटो स्वच्छ आला, की संस्थाच तिला फिजीला शिकायला पाठवणार. इथे नववीपुढे शिकवायला आहे कोण?

आपला चुलतभाऊ इओतामही फार खोकतो रे. तपासणीच्या बोटीत त्याला जागाच मिळाली नाही. परवा दारात बसून त्याने बुबुती घातली, मेरेरेच्या गोळ्या मागितल्या. रक्ताच्या माणसाने बुबुती घातली की नाही म्हणायची आपल्यात सोय आहे का? अर्ध्या दिल्या. दोघंही होतील बरी.

माया आटू देऊ नकोस.
तुझी ताई

तारावा, १९ मार्च

ती. रोतियाताईस सा. न. वि. वि.

अगं, काय करून बसलीस! अर्ध्या गोळ्यांनी रोग मरत नाही, उलट निबर होतो, असं डॉक्टर म्हणतात. आधी दोघांना पुढच्या बोटीने माझ्याकडे धाड. रागावलोय खरा, पण इओताम माझ्या दारात बसला असता तर मीही दिल्याच असत्या.

धाकट्यावर लोभ राहू दे.
तेकारेई

नोनौती, २ जून

चि. तेकारेईस अनेक आशीर्वाद.

तपासणीचा निकाल तू कळवलास. जुन्या गोळ्या आता दोघांनाही लागू पडायच्या नाहीत, नव्या औषधाला संस्थेकडे यंदा तरतूद नाही, आणि शाळेची जागा दुसऱ्या मुलीला गेली.

काल त्याच संस्थेच्या मोठ्या बाई इथे आल्या. मनेआबात, आपल्या सभाघरात, सगळं गाव जमलं, हार घातले, पोरं नाचली. बाई म्हणाल्या, आता मी तुमच्या घरचीच. मग मला राहवेना. उठले आणि सगळ्यांदेखत बुबुती घातली, की माझ्या पोरीला औषध द्या. बाईंनी माझे हात हातात घेतले, डोळ्यांत पाणी आणलं, आणि नाही म्हणाल्या. नियमात बसत नाही म्हणे. म्हातारी माणसं माना खाली घालून बसली. इतकी लाज मला जन्मात वाटली नव्हती, आणि ती नाही म्हणणाऱ्या बाईंची नव्हे, माझीच मला वाटली.

मेरेरेला तुझ्याजवळच ठेव. फिजीला कधी जायचं म्हणून ती विचारेल. तेवढं तूच सांग, बाबा. माझ्या तोंडून नाही निघायचं.

ताई