बाळ्याची कबुली

७ जानेवारी २०२५, मंगळवार

हा माणूस खोटं बोलतोय. पहिल्या दहा मिनिटांतच कळलं.

बाळ्या. विधी सेवा समितीकडून आलेली केस — त्याची वकील करायची ऐपत नाही, म्हणून मी. तलासरीच्या बाजूला डोंगरातल्या पाड्यावर घर, बोर्डीला एका चिकूवाडीवर ड्रायव्हर. १५ डिसेंबरला, रविवारी संध्याकाळी, वाडीची पिकअप घेऊन सायवनच्या रस्त्याने चालला होता. जिव्या नावाच्या म्हाताऱ्याला धडक बसली. म्हातारा जागच्या जागी गेला.

"मीच होतो मॅडम. चूक माझीच. कबूल करायचा आहे."

तीनदा विचारलं. तिन्ही वेळा तेच शब्द, त्याच क्रमाने. पाठ केल्यासारखे! ज्याने खरंच माणूस मारलाय तो अडखळतो, मध्येच थांबतो, नको ते सांगत बसतो. हा थांबला नाही.

आणि तीन आठवड्यांत दोषारोपपत्र? आमच्याकडे? इतकी घाई कोणाला होती?

९ जानेवारी

कागद पुन्हा वाचले. गाडीचे फोटो नीट पाहिले. ड्रायव्हरची सीट पुढे ओढलेली — अगदी स्टिअरिंगला टेकेल इतकी. बाळ्या सहा फूट उंच आहे. माझ्या ऑफिसच्या दारातून वाकून येतो.

मग त्या सीटवर कोण बसलं होतं?

मालकाचा मुलगा जिग्नेश. परवा जामिनावर सुटलेल्या बाळ्याला माझ्या ऑफिसात सोडायला आला होता. माझ्या खांद्याला लागेल इतका बुटका.

मृताची बायको भिकी बरोबर होती. तिचा जबाब चार ओळींचा. आवाज आला, वळून पाहिलं, नवरा पडला होता, गाडी थांबली होती. बस. गाडीत कोण होतं ते तिला कोणी विचारलं नाही, की विचारलं आणि लिहिलं नाही?

सरकारी वकिलांना सीटचं सांगितलं. हसले. "हेमाली, तुझा माणूस कबूल करतोय. मला आरोपी मिळालाय, तुला लवकर मोकळीक. तू कशाला खोदतेस?"

त्यांच्यावरही संशय येतोय आता. वाडीवाल्यांचे आणि त्यांचे संबंध शोधायला हवेत.

११ जानेवारी, शनिवार

पालघरला प्रशिक्षण होतं आमचं, विधी सेवेच्या वकिलांचं. एक निवृत्त न्यायाधीश आले होते. एरवी अशा भाषणांत मी डुलक्या काढते. आज एकही नाही.

म्हणाले, आपल्याकडे खटला म्हणजे दोन बाजूंची झुंज. सरकार एकीकडे, आरोपी दुसरीकडे, मध्ये जज. जो जास्त चांगला भांडतो, त्याचं खरं. फ्रान्समध्ये वेगळं. गंभीर गुन्हा असला की तपासाला एक न्यायाधीशच नेमतात. आरोपीच्या विरुद्धचंही तोच शोधतो, बाजूचंही तोच. पुढे खटल्यातही साक्षीदारांना मुख्य प्रश्न जजच विचारतो. आणि मोठ्या गुन्ह्यात आरोपीने नुसतं 'हो, मीच' म्हटलं म्हणून तिथे खटला मिटत नाही. कबुली हा फक्त एक पुरावा. बाकीचं तपासावंच लागतं.

मी हात वर केला. "आपल्याकडे दोन्ही वकिलांना सत्य नको असेल तर?"

"तर बहुतेक वेळा ते बाहेर येत नाही," म्हणाले. "जजला विचारायचा अधिकार आपल्याही कायद्यात आहे. वापरतात थोडे."

जेवताना एक वसईची बाई म्हणाली, "पण तिकडच्या त्या जजने आधीच मनात कोणाला तरी धरलं, तर त्याला अडवणार कोण? एकदा संशय बसला की सगळं तसंच दिसायला लागतं." बरोबर असेल. पण आपल्याकडे निदान कोणाला संशय तरी येऊ दे!

१४ जानेवारी

संक्रांत. आईचं सुकट चाळणं चालूच. सण असो नसो, उद्याच्या बाजाराला माल लागतो. तिला सगळं सांगितलं. जिग्नेशचं, सीटचं, फ्रान्सचंही.

आई म्हणाली, "पण तू त्या बाळ्याची वकील ना गो? का पोलीस झालीस?"

१५ जानेवारी

बोर्डीला गेले. कोणाला न सांगता. वकिलाने असं जायचं नसतं, माहीत आहे.

जिग्नेश वाडीतच होता, चिकूच्या खोक्यांवर बसलेला. त्याला सरळच विचारलं — पंधरा डिसेंबरला तू कुठे होतास?

"सुरतला, हेमालीबेन. मामाच्या घरी लग्न होतं. व्हिडिओ बघा ना." फोन लगेच पुढे! जणू तयारच ठेवला होता. व्हिडिओत नाचतोय. तारीखही दिसतेय. पण तारखेचं काय, बदलता येते.

"बाळ्याभाई आमच्याकडे अठरा वर्षं आहे," म्हणाला. "आम्हीच त्याला सांगितलं, चांगला वकील देतो. तो नको म्हणाला. सरकारी चालेल म्हणाला. का, ते आम्हाला पण नाही समजलं."

सरकारी! — मी म्हणजे.

तो घाबरलेला वाटला नाही. हेच संशयास्पद आहे.

१९ जानेवारी, रविवार

बाळ्याला बोलावलं होतं. जिग्नेशचं नाव काढल्याबरोबर त्याचा चेहरा बदलला. घाबरला नाही, चिडला.

"त्या पोराचा काय संबंध? मॅडम, तुमी माझ्या बाजूच्या का कोणाच्या?"

"खऱ्याच्या," मी म्हटलं. म्हणताना बरं वाटलं. आता लिहिताना नाही वाटत.

तो उठला. दाराशी वाकला. "मला सजा होऊ द्या. बाकी काय नको."

जिग्नेशच्या बापाने काहीतरी कबूल केलंय त्याला. नक्की. उद्या पुढच्या तपासासाठी अर्ज लिहायला घेते.

२३ जानेवारी, गुरुवार

अर्ज फाडला.

दुपारी ऑफिसात एक मुलगी आली. बारीक, ठेंगणी, केस घट्ट बांधलेले. कासाहून बसने आली होती. बसायला सांगितलं तरी उभीच.

"मी दक्षा. बाळ्याची मुलगी. तुम्ही वाडीवर गेला होतात ना? जिग्नेशभाईला सोडा, मॅडम. मी होते."

मला आधी कळलंच नाही. मी होते म्हणजे?

"गाडी मी चालवत होते. बाबा शिकवत होते मला. रविवारी त्या रस्त्याला गर्दी नसते म्हणून. लायसन काढलेलं नाही अजून. तो म्हातारा समोर आला. कुठून आला, कळलंच नाही. मी ब्रेक दाबला. जोरात दाबला. तरी…"

नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. खाली उतरून तिनेच त्याची नाडी पाहिली. लागली नाही. मग बाबा म्हणाले, तू इकडच्या सीटवर बस, आणि यापुढे तोंड उघडायचं नाही.

"मी पोलिसांत जाते म्हटलं तर बाबा जेवायचे बंद होतात," म्हणाली. तेव्हा कुठे रडली.

सीट पुढे ओढलेली. बुटका ड्रायव्हर. सगळं बरोबर जुळवलं होतं मी, फक्त माणूस चुकीचा! सुरतचा व्हिडिओ खरा होता. तो घाबरला नाही कारण घाबरायचं कारणच नव्हतं. अन् मी त्यातही पुरावा शोधला.

वसईची बाई हेच सांगत होती.

२४ जानेवारी

बाळ्याला सांगितलं की मला कळलंय. तो खाली बसला, भिंतीला टेकून.

"माझा काय मॅडम. सुटून आलो की भात लावीन, नागली लावीन. नाय गाडी चालवली तरी चालेल. तिचा नर्सचा कागद गेला तर परत मिळेल का? पाड्यावरची पयली पोरगी आहे ती." मग म्हणाला, "तिचं नाव घेतलात तर मी तुमचा अशील नाय."

आता मी काय? तो माझा अशील. त्याने विश्वासाने सांगितलेलं बाहेर बोलायचं नाही. पण खोटी कबुली कोर्टापुढे जाताना शेजारी उभं राहायचं, हेही चालत नाही. वकीलपत्र सोडावं? सोडलं तर दुसरा कोणी येईल, न विचारता सही घेईल, मोकळा होईल. आणि मी सोडलं म्हणून कोणाला तरी शंका येईल.

नाही सोडलं. कारण लिहिता येत नाही. हे पानसुद्धा फाडायला हवं खरं तर.

२८ जानेवारी

भिकी आज कोर्टाच्या आवारात दिसली. तारीख नव्हती, तरी आलेली. पिंपळाखाली बसून होती, माझ्याकडे एकटक बघत. तिने काय पाहिलं असेल? गाडीतून कोण उतरलं, तिने पाहिलंच असणार!

मग गप्प का? कोणी गप्प केलं?

पुन्हा तेच. संशयाशिवाय दुसरं काही येतच नाही मनात.

४ फेब्रुवारी, मंगळवार

झालं.

नवीन साहेब आहेत, महिनाभरापूर्वी बदलून आलेले. दोषारोप वाचून दाखवला. "गुन्हा कबूल आहे?" बाळ्या म्हणाला, कबूल. एरवी इथे दोन मिनिटांत सगळं संपतं.

साहेबांनी पेन खाली ठेवलं.

"घाई नको. परिणाम माहीत आहेत ना तुला? कोणाच्या दबावाने तर बोलत नाहीस?"

"नाय साहेब."

"गाडी किती वेगात होती?"

"…चाळीस."

फाईल चाळली. एका फोटोवर थांबले. फोटो कोणता, ते मला जागेवरूनच कळलं.

"तुझी उंची बघता ही सीट इतकी पुढे का आहे?"

तीन आठवडे मी अशाच जजची वाट बघत होते. जो विचारेल! जो दोन वकिलांच्या मधून वाकून खरं काय ते बघेल. आज तो समोर बसला होता. बाळ्याने माझ्याकडे पाहिलं. मागच्या बाकावर दक्षा होती, तोंडावर रुमाल धरलेली.

मी उठले. "साहेब, आरोपीने स्वेच्छेने गुन्हा कबूल केला आहे. त्याला स्वतःविरुद्ध अधिक बोलायला लावू नये, अशी विनंती."

माझाच आवाज. अगदी स्थिर.

साहेब माझ्याकडे बघत राहिले. मग भिकीकडे वळले. ती दाराजवळ उभी होती. "मृताची पत्नी आली आहे ना? तिला बोलवा. अपघात कसा झाला, तिच्या तोंडून ऐकतो."

भिकी पुढे यायला निघाली. दोन पावलं टाकलीही.

"हरकत आहे, साहेब! कबुलीनंतर साक्षीपुराव्याची गरज उरत नाही. बाईंना त्या प्रसंगातून पुन्हा नेऊ नये."

सरकारी वकीलही उठले. "माझीही हरकत नाही म्हणजे — बचाव पक्षाशी सहमत आहे." माझ्या आठवणीत पहिल्यांदाच दोन्ही बाजू एक झाल्या!

साहेबांनी तो फोटो पुन्हा एकदा पाहिला. मग पेन उचललं.

सहा महिने. बाळ्याने हात जोडले — साहेबांना नाही, मला. दक्षा मागच्या मागे निघून गेली. भिकी होती तिथेच उभी, कोर्टाच्या मधोमध, शिपायाने बाजूला व्हायला सांगेपर्यंत.

सरकारी वकील बाहेर चहा पाजत म्हणाले, "बघ, कसं सुरळीत झालं."

७ फेब्रुवारी

जिग्नेशला फोन करून माफी मागितली. तो म्हणाला, "तुमचं काम आहे बेन." त्याने इतकं सरळ बोलायला नको होतं.

झोप नाही. पण एक पोरगी वाचली. तेवढं धरून बसले आहे.

१६ फेब्रुवारी, रविवार

भिकी पत्ता विचारत घरी आली. आईने पाणी दिलं. प्यायली नाही.

"तो साहेब मला काय इचारणार होता?"

"अपघात कसा झाला, ते."

मान हलवली. "म्हाताऱ्याला वरीस झाला काय दिसत नव्हता. डोळ्यांवर पडदा. मी हात धरूनच न्यायची. बाजारातून येताना डोक्यावरची पाटी सरकली, म्हणून मी हात सोडला. तो गेला चालत, थेट गाडीपुढे. पोरगी हळू येत होती. तिने ब्रेक मारला, मी पाहिला. तिची काय चूक? बाळ्याची काय चूक? हात मी सोडला."

"पोलिसांना का नाही सांगितलं?"

"त्यांनी इचारला, आवाज आला का? आला म्हटला." मग म्हणाली, "त्या दिवशी कोर्टात सांगणार होते. आलेच होते पुढे."

आरोपीने स्वतः गुन्हा कबूल केला की दोषी ठरवण्याविरुद्ध अपील चालत नाही.

साहेब विचारत होते. हरकत माझी होती.