अर्जदार क्रमांक चार

४ जून
कमालच झाली! आमच्याच केसला खात्यातर्फे उत्तर द्यायचं, आणि ते लिहायचं मी! कोर्टाच्या कामांचं टेबल माझ्याकडे म्हणून. म्हटलं, "साहेब, मी स्वतःच अर्जदार क्रमांक चार आहे." मान वर न करता म्हणाले, "असाल हो. पण टेबल तुमचंच आहे ना?"

घरी ह्यांना सांगितलं तर हसता हसता ठसका लागला. "दोन्हीकडून भांडतेस, मग पगारही दोन घे." मला नाही हसू आलं.

५ जून
आक्कांना सांगून टाकलं. अर्जदार क्रमांक एक त्या. सगळ्यांना गोळा केलं, वकील गाठला, सगळं त्यांनीच. आमच्यानंतर लागलेली मंडळी ज्येष्ठता यादीत आमच्या डोक्यावर बसवली. ती केव्हाच अधीक्षक झाली आणि आक्का अजून लिपिकच. सप्टेंबरअखेर निवृत्ती. त्याआधी जिंकलो तर मागच्या तारखेपासून अधीक्षक, पेन्शनही त्याच पदाची. नाहीतर कायमच्या लिपिक. "दारावर एक दिवस तरी पाटी लागू दे गं," म्हणतात.

उत्तराचं ऐकून म्हणाल्या, "लिही बाई, नोकरी आहे. फक्त गुळमुळीत लिही."

९ जून
मसुदा दिला. गुळमुळीत. वाचताना माझी मलाच लाज वाटली. इतकं भिकार मी पहिल्या वर्षीही लिहिलं नसेल.

११ जून
साहेबांकडून परत आला. विलंबाच्या मुद्द्यापुढे लाल प्रश्नचिन्ह. "यादी लागली तेव्हाच ह्या अर्जदारांनी हरकत का नाही घेतली? काहीतरी ठोस द्या. तुमच्याकडून ही अपेक्षा नव्हती, बाई." सगळ्या शाखेसमोर! कान तापले माझे.

ठोस मला माहीत आहे. फक्त मलाच. ती यादी फलकावर आक्कांनीच लावली होती — मी खाली स्टूल धरून उभी. तेव्हाच म्हटलं होतं, "आक्का, आपली नावं खाली गेलीत, हरकत टाका." तर म्हणाल्या, "माझ्याच टेबलाची यादी. लावायची मी आणि हरकतही मीच घ्यायची? बरं दिसत नाही." त्या बरं दिसण्यापायी मुदत निघून गेली.

१२ जून
लिहिलं. "सदर यादी अर्जदार क्रमांक एक यांनी स्वतःच फलकावर लावली असल्याने, ती आपणांस उशिरा समजली हे त्यांचे म्हणणे ग्राह्य धरता येत नाही." हात एकदाही अडखळला नाही. साहेब म्हणाले, "वा! ह्याला म्हणतात मसुदा!" आणि मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं! काय बाई आहे मी.

प्रत आमच्या वकिलांकडे जाईल. आक्का कशाला वाचतील?

२ जुलै
जेवणाच्या सुट्टीत आक्कांनी डब्यातली भाजी माझ्या झाकणात वाढली. नेहमीसारखीच, त्यांच्याहून जास्त. मी ती नुसती चिवडत बसले. "पित्त झालंय का?" म्हणाल्या. हो म्हटलं.

१९ ऑगस्ट
सुनावणी. आमचे वकील विलंबावर आले आणि चाचपडायला लागले. न्यायाधीशांनी कागद उचलून ते वाक्य मोठ्याने वाचलं. माझं. शब्दन् शब्द.

८ सप्टेंबर
केस फेटाळली. सगळ्यांचीच, म्हणजे माझीही. कोर्टाच्या जिन्यात अर्जदार क्रमांक दोन म्हणाले, "पण यादी कोणी लावली हे खात्याला कळलं कसं?" मी पायऱ्यांकडे बघत राहिले. आक्का म्हणाल्या, "असेल कुठल्यातरी कागदावर. चला, ऑफिसला उशीर होतोय."

३० सप्टेंबर
आक्कांचा निरोप समारंभ. साहेबांनी भाषणात "आदर्श लिपिक" म्हटलं. टाळ्या पडल्या. आक्कांनी मान खाली घातली ती वर केलीच नाही.

पिशवी घेऊन फाटकापर्यंत सोबत गेले. आज सांगायचंच, असं ठरवलं होतं. "आक्का, ते वाक्य—"

"वाचलंय मी. जूनमध्येच. वकिलांनी आल्या आल्या दाखवलं." माझ्या हातातली पिशवी घेतली. "चांगलं लिहिलं होतंस."

गेल्या.

१ ऑक्टोबर
जूनमध्येच! म्हणजे भाजी वाढत होत्या, तेव्हा त्यांना सगळं ठाऊक होतं.