बिनकोथिंबिरीचे बटाटे

२६ फेब्रुवारी, बुधवार. महाशिवरात्र.

खोटं बोलले. तेही उपवासाच्या तोंडाने!

वरच्या मजल्यावरची राजश्री दुपारी डबा घेऊन आली. बँकेला सुट्टी होती तिच्या. झाकण उघडलं आणि लोण्याचा असा वास सुटला की ओसरीवरचं मांजरसुद्धा उठून बसलं. छोटे छोटे बटाटे – सालासकट उकडलेले, हाताने जरासे दाबलेले, बटरमध्ये खरपूस परतलेले. वरून मिरपूड, पुदिना आणि मूठभर कोथिंबीर. म्हणाली, "वहिनी, एरवी मी यात लसूण घालते, अन् पिझ्झ्यासोबत पुडीत येतो ना तो सुका पाला. तुमचा उपवास म्हणून ते सगळं काढलं. बँकेतल्या मॅडमना विचारून सैंधव मीठ पण आणलं. दर वेळी तुम्हीच देता, म्हटलं आज माझ्याकडून."

आणि माझ्या तोंडून काय निघावं? "अगंबाई, कोथिंबीर घातलीस का? आमच्यात चालत नाही गं उपवासाला."

चालत नाही म्हणे! लहानपणापासून खात आले आहे. माहेरी खाल्ली, सासरी खाल्ली. आमच्या उपवासाच्या भगरीवरसुद्धा असते.

तिचा चेहरा एवढासा झाला. "सॉरी वहिनी, आमच्याकडे उपवास नसतात, मला माहीतच नव्हतं." डबा झाकून वर गेली. मी दारातच उभी. पोटात कावळे ओरडत होते आणि वास अजून ओसरीवर तसाच!

का बोलले असं? लिहून टाकते, इथे कोण वाचायला येणार आहे. ती बौद्ध आहे म्हणून. दुसरं कारण शोधून पाहिलं, सापडलं नाही.

२७ फेब्रुवारी

आज जेवताना घास फिरत होता तोंडात.

वरचं घर तिला द्यायचं ठरलं तेव्हा आडनाव ऐकून ह्यांनी तोंड वाकडं केलं होतं. तेव्हा भांडलं कोण? मी! "आजच्या काळात काय घेऊन बसलात हे," असं ठणकावून सांगितलं. सासूबाई कोपऱ्यात बसून वाती वळत होत्या, एक शब्द बोलल्या नाहीत. मी मनात म्हटलं, म्हातारीच्या मनात काय आहे ते मला ठाऊक आहे. आणि किल्ली देताना राजश्रीला काय सांगितलं – "आमच्या घरात असलं काही नाही बरं का!" तिने विचारलं नव्हतं. माझंच मला कौतुक.

मागच्या जूनपासून राहते. पुरणपोळी, धपाटे, हुरडा, दिवाळीचा फराळ – जे झालं ते वर पाठवलं. तिच्याकडचं मी काय खाल्लं? बसून आठवलं. बिस्किटं, पुड्यातली. केळी. दुकानातले पेढे. चहा ठेवू का म्हणाली की मला ॲसिडिटी. मला! मी उभ्या जन्मात ॲसिडिटीची गोळी घेतलेली नाही.

म्हणजे हे कालचं नव्हतंच. पहिल्या दिवसापासूनचं आहे. माझं मलाच कळलं नव्हतं, का कळून घ्यायचं नव्हतं कोण जाणे.

२ मार्च, रविवार

स्कूटी शिकायला गेले. जावं की नाही करत होते, पण खालून तिनेच हॉर्न वाजवला.

ह्यांना शिकवा म्हटलं तर "तुला कुठं जायचंय?" एवढं बोलून विषय संपतो. राजश्रीने स्वतः होऊन विचारलं होतं. कारखान्याच्या रोडला उसाचे ट्रॅक्टर, दोन-दोन ट्रॉल्या मागे. समोरून एक आला की मी रेसच पिळते. ती मागे बसून हसते, "रेस सोडा वहिनी, ब्रेकवर बोटं ठेवा, तो ट्रॅक्टर तुम्हाला भिऊन बाजूला होतोय बघा!" आज पहिल्यांदा वळण घेतलं, पाय न टेकवता. तिने मागून टाळ्या वाजवल्या.

तेलगावात मला दुसरी मैत्रीण नाही. जावा आहेत, भाऊबंदांतल्या बायका आहेत. त्या वेगळ्या.

परत येताना डोक्यात लखकन् आलं. शिवरात्रीला सकाळी मी तिला साबुदाण्याची खिचडी पाठवली होती! वर कोथिंबीर भुरभुरून! स्वतःच्या हाताने! पुढचं वळण घेता आलं नाही, गाडी बंद पाडली.

तिच्या लक्षात आलं असेल? काही बोलली तर नाही. नेहमीसारखीच हसत होती. कदाचित आलंच नसेल. हिरवीगार होती, न दिसायला काय झालं!

१० मार्च, सोमवार. एकादशी.

आज फार वाईट झालं. हात धुतले तरी तूपकट वाटतायत.

सकाळी बँकेत जाता जाता राजश्री परत डबा घेऊन आली. "वहिनी, या वेळेला कोथिंबीर न्हाई, पुदिना पण न्हाई! नुसतं बटर, जिरं, मिरपूड. कढई पण नवी काढली." घाईत होती, साडीची पिन तोंडात धरून बोलत होती. मला एकदम हलकं वाटलं. म्हणजे खिचडीचं तिच्या ध्यानात आलं नाही! बिचारी! किती साधी! मी डबा घेतला, तिचा हात धरून म्हटलं, "दुपारी नक्की खाते."

आणि मनापासून म्हटलं होतं. खाणारच होते. दुपारी ताटलीत काढले, पाटावर बसले. तोंडाला पाणी सुटलं होतं, हे खरं. पण हात पुढे जाईना. बटाटा तोच, आमच्याच गावच्या बाजारातला. मीठही तेच. मी स्वतःला शिव्या घातल्या. एक उचलला, ओठापर्यंत नेला आणि परत ताटलीत ठेवला. हे कुणी शिकवलं मला? आईने कधी तोंडाने सांगितलं नाही. पण आमच्याकडे कामाला येणाऱ्या बाईचा कप गोठ्याच्या कोनाड्यात असायचा, तो मी रोज बघत होते.

शेवटी उठले, मागच्या गोठ्यात गेले आणि ताटली म्हशीच्या बादलीत पालथी केली.

मागे सासूबाई! "आगं, बटाटे म्हशीला कावून घालायलीस?"

"खराब झालते, आत्याबाई."

त्यांनी आत येऊन ओट्यावरच्या डब्यात डोकावून बघितलं. तळाला दोन राहिले होते. एक उचलून तोंडात टाकला. "कुठं खराब झालेत? लई ग्वाड हायत की!" दुसराही टाकला. मग बोटं चाटत म्हणाल्या, "राजश्रीच्या हाताला चव हाय. परवा उप्पीट केलतं तिनं."

"तुम्ही तिच्याकडं खाता?"

"कवापासून! तू सांजच्याला शिवणाच्या क्लासला गेलीस की मी वर जाते. ती च्या करती, आमी मालिका बघतो. तुला सांगितलं न्हाई."

"का?"

"तू बोलशील म्हून."

सत्तरीची बाई मला भिऊन चोरून चहा पीत होती! आणि मी या म्हातारीच्या आडून सोवळी राहत होते. ह्यांना काय वाटेल, आत्याबाईंना काय वाटेल, असं म्हणायला तरी कुणी उरलं नाही आता. घरात आहे ती मीच.

म्हशीने बादली चाटूनपुसून साफ केली.

११ मार्च

डबा रिकामा कसा द्यायचा म्हणून शेंगदाण्याचे लाडू भरले. वर जाऊन म्हटलं, "काय झाले होते गं बटाटे! मी अन् आत्याबाईंनी मिळून फस्त केले."

"हो का," म्हणाली. "बरं झालं." लाडवांचा डबा फ्रिजवर ठेवला आणि इस्त्री करायला लागली.

आता किती खोटं बोलणार आहे मी?

१४ मार्च, शुक्रवार. धुळवड.

ती रंग खेळायला खाली आली नाही. मी वर गेले नाही.

१६ मार्च, रविवार

स्कूटीवर कापड घातलेलं. मी तयार होऊन खाली थांबले होते, ओढणी घट्ट बांधून. वरून म्हणाली, "या रविवारी नको वहिनी, मार्च एंड आहे, घरी पण काम आणलंय." असेल काम. बँकेत असतंच मार्चमध्ये.

सासूबाई मात्र संध्याकाळी वर गेल्या. आता उघड जातात.

२३ मार्च, रविवार

आजही काम.

ते बटाटे मी स्वतः करून बघितले. का, ते सांगता येणार नाही. बाजारातून गोट्यांएवढे वेचून आणले. दुकानदार वैतागला – "वहिनी, बटाटे घेताव का मोती?" उकडले, तळव्याखाली दाबले. पहिल्या खेपेला बटर करपवलं, काळं झालं, धूर! दुसऱ्यांदा गॅस बारीक ठेवला, थोडं तेल घातलं. एका बाजूने लाल झाल्याशिवाय उलटायचे नाहीत हे आपोआप कळलं, कारण घाई केली की साल कढईलाच चिकटून बसत होतं. लसूण ठेचून टाकला, खाली उतरवल्यावर पुदिना, कोथिंबीर.

ओट्यापाशी उभ्याउभ्याच खाल्ले. एवढे चांगले लागतात! गरम होते, तोंड भाजलं तरी खात राहिले. आणि खाताना रडू आलं. तिने दोनदा केलं हे माझ्यासाठी. सकाळी बँकेत जायच्या आधी उकडत, दाबत, परतत बसली असेल. ते मी जनावरापुढे टाकलं. टाकलंच नाही फक्त, वर जाऊन गोडवेही गायले.

सासूबाई आल्या, एक खाल्ला. "मीठ बरूबर हाय. पर तिच्यावानी न्हाई." मग माझ्या तोंडाकडे बघून म्हणाल्या, "रडतीस कावून? जा की वर. सांग तिला."

त्यांना सगळं कळलेलं आहे. बादलीपाशीच कळलं असणार.

"काय सांगू?"

"मला काय इचारतीस? मी थोडीच टाकले!"

३० मार्च, रविवार. पाडवा.

गुढी उभारली. श्रीखंड वर पाठवायला वाटी भरली, तिसऱ्या पायरीवरून परत आले. पुन्हा देणारी मीच! नको.

हे विचारत होते, "वरच्या मॅडमचं काय बिनसलं का?" म्हटलं, मार्च एंड. ह्यांनी मान हलवली. ह्यांना पटवणं किती सोपं आहे.

ती नाराज आहे हे नक्की. पण कशाने? तिला म्हशीचं माहीत नाही. कोथिंबिरीचं कळलं नाही, कळलं असतं तर दुसऱ्यांदा कशाला केले असते? मीच सांगितल्याशिवाय तिला कळायचं नाही. आणि सांगितलं तर ती घर सोडेल. नाही सांगितलं तर मला तिच्या डोळ्यांना डोळा देता येत नाही.

सांगायचं. मार्च संपला की सांगायचं. आणि तिच्या घरात बसून, तिच्या हातचं, तिच्या ताटात जेवायचं. हात अडला तरी.

२ एप्रिल, बुधवार

सांगितलं. कोथिंबीर, खिचडी, बादली, सगळं. ती कपड्यांच्या घड्या घालत ऐकत होती. नवल वाटल्यासारखं काहीच तिच्या तोंडावर दिसलं नाही.

म्हणाली, "आमच्या गॅलरीतून गोठा दिसतो वहिनी. त्या दुपारी मी जेवायला घरी आले होते. अन् कोथिंबिरीचं तर मला त्याच दिवशी कळलं होतं, सकाळीच तुमची खिचडी खाल्ली होती."

"मग परत कशाला केलेस गं?"

"माणसावर उगाच संशय नको. म्हटलं, एकदा कोथिंबीर काढून बघावं."