मालिशखोलीतलं मर्तिकाचं भजन

आई,

तुझी लेक धडधाकट आहे, दोन वेळा जेवते, हे आधी वाचून घे. तुझा गुडघा काय म्हणतो?

काल इथे डॅलसला आमच्या मालिशखोलीत नवं 'शांतिसंगीत' लावलं आणि माझे तेलाचे हात जागीच थांबले. अमोसमामाच्या मातीला म्हटलेलं आपल्या चोक्टॉ भाषेतलं भजन होतं ते, आणि आवाज तुझा! मालकीण गिऱ्हाइकाला सांगत होती, "शब्दांना काही अर्थच नाही, म्हणून तर डोकं शांत होतं." शिसारी आली मला.

या भजनाला आपण उभं राहतो, तशी मी हात पुसून उभी राहिले. चेहऱ्याला चिखल फासून पडलेली बाई कुरकुरली, "थांबलीस का गं?"

"मामाला माती देतोय," मी म्हटलं.

मालकिणीने बाहेरचा रस्ता दाखवला. काळजी करू नकोस, दुसरं काम मिळेल.

"तुमची भाषा जपायचीय" म्हणत मामाच्या मातीच्या दिवशी आवाज टिपायचं यंत्र घेऊन आलेला गोरा आठवतो? त्याला तू मक्याच्या पानातला गरम बनाहा आग्रह करकरून वाढला होतास. परत आला तर पाणी जरूर विचार. पण इंग्रजीत.

अजून धुमसणारी,
तुझी नेल्डा