पंचनाम्यात नसलेला कडुलिंब

बा, काल लाइनवाले येऊन गेले. दरवर्षी दिवाळीआधी येतात, आपल्या वावरावरून जाणाऱ्या विजेच्या तारांखाली जे काही वाढलं असेल ते छाटतात आणि जातात. ते गेल्यावर धुऱ्यावर, वावराच्या बांधावर बसलो होतो, तेव्हा तुझ्याशी बोलावंसं वाटलं.

या लाइनीचे मोजणीवाले पहिल्यांदा आले ते ऐन कापूस वेचणीत. मी तेव्हा यवतमाळला कॉलेजात, आणि अर्धं डोकं वर्गातल्या एका पोरीत अडकलेलं. तू निरोप धाडलास म्हणून आलो. आपल्याकडे जाळत नाहीत, मातीच देतात. मी शाळेत जायच्या आधीच माय गेली, तेव्हा तू तिला वावरातच ठेवलंस आणि उशाशी कडुलिंब लावलास. तार नेमकी त्याच्यावरून जाणार होती. पंचनामा लिहिणारा कारकून तुझ्यासोबत फिरत तुटणारी झाडं यादीत उतरवून घेत होता. बाभूळ लिहिली, बोर लिहिली, बांधावरचे साग लिहिले. कडुलिंबापाशी तो थांबला. "अन् हा?" "ते झाड नाही होय." "मंग काय होय?" "घरचं माणूस होय. त्याले यादीत घेऊ नका." कारकून हसला, "बरं झालं, माया हात वाचला," म्हणाला आणि पुढं गेला. तू सही केलीस. परतताना खुशीत होतास. लिहिलं असतं तर भरपाई घेऊन विकल्यासारखं झालं असतं, आणि जे लिहिलंच नाही ते कोण तोडणार? मलाही ते पटलं, एवढं कॉलेज शिकून.

कापसाचे ते दिवस वाईट. ज्यांच्या वावरात टॉवर आले त्यांनी भरपाई घेतली, मी त्यांना नावं ठेवत नाही. तुलाही ते ओट्यावर बसून समजावत, "घेऊन टाक ना बुढ्या, तार काय तुया डोक्यावर पडून राह्यली?" तू म्हणायचास, "माया नाही, तिच्या डोक्यावरून जाते." आणि पांढरकवड्याच्या कोर्टात दावा टाकलास. मी कॉलेज सोडलं ते या तारखांपायी, असं लोकांना सांगतो. तुला खरं माहीत होतं. त्या पोरीचं लग्न आदिलाबादकडे ठरलं होतं आणि त्या वर्गात मला बसवत नव्हतं. कोर्टाच्या व्हरांड्यात बिडी विझवत तू म्हणालास, "तुयं ध्यान इकडं नाही. सांगून ये तिले, कायले आतल्या आत जळून राह्यला?" मी गेलो नाही.

कंपनीच्या वकिलानं पंचनामा पुढं केला. तिथं झाडच नाही, आणि सही तुझी. न्यायाधीश बाईंनी तुलाच विचारलं. तू हात जोडलेस, "मॅडम, माणूस झाडाच्या यादीत कसा लिहू?" कोणी हसलं नाही. त्यांनी चष्मा काढून ठेवला. मग सांगितलं की लाइन अडवता येत नाही, भरपाई मागता येते, आणि नोंद नसलेल्या झाडाची तीही नाही.

तोडायला आले त्या दिवशी मी ठेकेदाराच्या माणसाची कॉलर धरली. तू मला मागं ओढलंस. "सोड त्याले. तो पोटासाठी चढते." मग त्याला पाणी दिलंस आणि चढायच्या आधी चप्पल काढून ठेव म्हणालास. एवढंच मागितलंस. त्यानं काढली.

त्यानंतर तू फार जगला नाहीस. "मलेही तिथंच ठेव, वरून तार जाओ का इमान उडो," म्हणाला होतास. ठेवलं. ओल्या हवेत तारा तुम्हा दोघांवर गुणगुणत राहतात. त्या पुढं आदिलाबादकडे जातात, हे मी कोणाजवळ बोलत नाही.

कडुलिंबाच्या उरलेल्या खोडाला मात्र दर पावसाळ्यात फुटवे येतात, आणि दरवर्षी लाइनवाल्यांशी माझं भांडण होतं. एकदा पोलीसही आले. काल भांडलो नाही. त्यांचा घाव खोडात जातो, म्हणून परवा सकाळीच मी कोयता घेऊन गेलो, चप्पल धुऱ्यावर काढली आणि फुटवे माझ्या हातानं उतरवले. काल लाइनवाला म्हणाला, "आज आमाले कामच नाही ठेवलं, भाऊ." मी मान हलवली.

हा कागद तुझ्या उशाशी पुरायचा म्हणून लिहायला घेतला, पण तिथं खणलं तर मुळांना लागेल, खिशातच राहू दे. एक फुटवा मी सोडला आहे, खालचा, गवताआड. लाइनवाल्याला तो दाखवला नाही.