जेवणानंतरचा ढीग

मास्तर, तुमचा दमा आता कसा आहे? तुमच्या घरच्या बाईंच्या पोटातलं दुखणं थांबलं का? शाळेच्या भिंतीशी तुम्ही लावलेल्या लिंबाची तब्येत मीच सांगते, अर्धा वाळलाय, अर्धा तग धरून आहे. जाऊन इतकी वर्षं झालेल्या माणसाला म्हातारी खुशाली विचारून राह्यली म्हणून हसाल. हसा. तुमच्यामागं माझ्याशी तसं कुणी हसलं न्हाई.

आज लिहायला बसले ती नातीमुळं. तिला कॉलेजात साम्यवाद आणि त्यातले पंथ असा धडा आहे. म्हणाली, "आजी, तुला येतं ना हे? माझ्या डोक्यात शिरंना." मी शाळेची पायरी न चढलेली. अक्षर तुम्ही दाखवलंत, बाकीचं एकटीनं चाचपडत वाचलं. मंग परातीत तूर ओतली आणि बियाण्याच्या गोदामात तुम्ही आम्हा बायांना शिकवलं तसंच शिकवलं. जेवणाच्या सुट्टीत तुम्ही सायकल टेकवून आत येता, मी निवडलेल्या सरकीचे दोन ढीग करता. "हा सकाळचा. ह्यात तुझी मजुरी निघाली. मंग जेवणानंतरचा ढीग कुणाचा?" मी म्हणते, "मालकाचा. गोदाम त्याचं हाय." "गोदाम कुणी बांधलं?" "गवंड्यानं." "मंग?" मागून एक बाई ओरडते, "मास्तर, तुम्ही आमची सुट्टी खाऊन राह्यले, हा ढीग कुणाचा ते सांगा आधी!" सगळ्यात मोठ्यानं तुम्हीच हसता.

पंथ समजावलेत ते वाटूरच्या फाट्यावर, एसटीची वाट बघताना. जायचं गाव एकच, जिथं जेवणानंतरचा ढीग सगळ्यांचा. भांडण रस्त्याचं. एक म्हणतात, कारखान्यातल्या कामगारानं पुढं व्हावं, शिस्तीचा पक्ष बांधावा आणि राज्य एका झटक्यात हातात घ्यावं. दुसरे म्हणतात, आपल्याकडं कारखाने कुठायत, खेड्यातला कुणबी उठवा, शहराला चहूकडून वेढा पडंल. तिसरे म्हणतात, मतं मागा, कायदे करा, सावकाश पोचू. आणि चौथे म्हणतात, ड्रायव्हरच नको, कामकऱ्यांच्या पंचायतीनंच गाडी हाकावी, कारण वर बसला की आपला माणूसही मालक होतो. "तुमची गाडी कोणती, मास्तर?" मी विचारलं. तुम्ही म्हणालात, "जिच्यातली माणसं एकमेकाला खाली ढकलत न्हाईत ती."

नातीनं सगळं लिहून घेतलं. मंग विचारलं, "मास्तरांसोबतचं तुमचं अभ्यास मंडळ कशानं मोडलं गं? ह्याच रस्त्यांवरून?" मुठीतली तूर परातीत सोडली आणि तिला त्या बैठकीचं सांगितलं.

रस्त्यावरून न्हाई, मास्तर. आपल्या मंडळात महिन्याला आत्मटीकेची बैठक व्हायची. आधी आपली चूक सांगायची, मंग दुसऱ्याची. त्या रविवारी मी माझी गिळली आणि तुमची सांगितली. "मास्तर बाईंना घेऊन पिंपळगावच्या रेणुकाईला ओटी भरायला गेल्ते. आम्हाला मातर देव सोडा म्हणतात." बाई अंथरुणाला टेकत चालल्यात, हे तिथं कुणाला ठाऊक नव्हतं? तुम्ही एवढंच म्हणालात, "गेल्तो. तिचं मन होतं." तुम्हाला काढायचं ठरलं, हात वर झाले. निर्णय एकमतानं व्हावा हा नियम तुमचाच, म्हणून तुम्हीही हात वर केलात, स्वतःच्याच विरोधात. चपला घालताना मला म्हणालात, "वाचत राहा, पोरी. मधीच थांबू नको." दिवाळीआधी बाई गेल्या. पुढच्या उन्हाळ्यात तुम्ही. दोन्ही वेळा मी तुमच्या दारापर्यंत येऊन मागं फिरले. मंडळ तर कधीच विझलं होतं. मास्तरच काढल्यावर वाचून कोण दाखवणार?

नातीला सांगितलं न्हाई ते तुम्हाला सांगते. तुम्ही रेणुकाईला गेल्ता हे मला कसं कळलं, असं त्या दिवशी कुणीच विचारलं न्हाई. तिथं दर्शनाच्या त्याच रांगेत मी होते, तापानं फणफणलेलं लेकरू कडेवर घेऊन. बाईंनीच मला कुंकू लावलं, तुम्ही बाजूला नारळ धरून उभे. तुम्ही बैठकीत सांगाल ह्या भ्यानं मी आधी बोलले. तुम्ही सांगणारच नव्हता. हात वर करून माझ्याकडं बघितलंत तेव्हा ते बराबर कळलं, आणि तरी माझा हात खाली आला न्हाई.

पाकिटावर पत्ता काय घालू? तुरीच्या डब्यात ठेवते. जल्दी उत्तर लिहा, मास्तर. रागानं लिहिलंत तरी चालंल.