धसईच्या गोदामावरची नवरी

धसई,
सोमवार

तीर्थरूप जयराममामांना भाचा सुयोगचा वाकून नमस्कार (कंबर धरली आहे, तरी वाकतो). तुमचा गुडघा आणि मामींचा खोकला कसा आहे? फोनच केला असता, पण तुम्ही तो स्पीकरवर लावता आणि माझं बोलणं अख्खं वैशाखरे गाव ऐकतं. आजचं बोलणं तसं नाही.

माझा धंदा तुम्हाला ठाऊक आहेच. मी भिंतीवर अर्धं चित्र काढतो, उरलेलं लोकांनी समोर उभं राहून पुरं करायचं आणि फोटो काढायचा. (शहापूरला झोपाळा काढला होता, त्यावर खरोखरच बसायला जाऊन एक काकू आपटल्या. तेवढं सोडलं तर नाव चांगलं आहे.) यंदा इथले भाताचे व्यापारी भगीरथशेठ यांनी आपल्या गोदामाची भिंत दिली. मी लग्न काढलं. नवरी हार पुढे करून उभी, समोर नवरदेवाची जागा मोकळी. तिथे जो उभा राहील त्याच्या गळ्यात हार. नवरीचा चेहरा मात्र शेठच्या मुलीसारखा, प्रियांकासारखा आपोआप उतरला (आपोआप म्हणजे चेहऱ्यालाच आठवडा गेला).

शेठच्या ते लक्षात आलं नाही, बाजाराच्या आलं. भाजीवाले, कंडक्टर, दुधवाले, सगळे हार घालून घेऊ लागले. म्हातारे धाकलूबाबा तर दोनदा उभे राहिले, मग त्यांची बायको जनीआजी त्यांना सदऱ्याला धरून घेऊन गेली. ओमकार नावाच्या एका टग्याने आपला तसाच फोटो वाढदिवसाच्या बॅनरवर छापून नाक्यावर टांगला. त्याच सुमारास प्रियांकाला शहापूरचं स्थळ आलं होतं. मुलाच्या आईने कुणाच्या तरी स्टेटसवर होणारी सून कंडक्टरसोबत पाहिली आणि स्थळ मोडलं.

शेठ गोदामापुढे आले तेव्हा मी शिडीवर होतो. खालूनच म्हणाले, "माझ्या पोरीला किती नवरे करून ठेवलेस रे? उद्या ही भिंत पांढरी पायजे." मी चुना कालवायला घेतला. मामा, तो चेहरा पुसायचा म्हणून मी चुना नुसताच ढवळत राहिलो. तेवढ्यात प्रियांका स्वतः आली, माझ्या हातातली बादली बाजूला ठेवली आणि म्हणाली, "नवरी कशाला पुसतोस? जागा मोकळी ठेवलीस तर कोणपण उभा राहणार. ती भर ना."

मी भरली. आता तिथे उभं राहायला कुणालाच जागा नाही. सर्वांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद.

तुमचा,
सुयोग

ता. क. : प्रियांका मला आवडते, फार दिवसांपासून. तिनेच घरी विषय काढला, तेव्हा शेठ म्हणाले, पोराने स्वतः तोंड वर करून येऊ नये, घरातलं मोठं माणूस पाठवावं. माझे वडील असते तर तेच आले असते. येत्या रविवारी तुम्ही मामींना घेऊन मागणी घालायला या. नाही म्हणू नका.

ता. क. २ : नवरदेव मी आरशात बघून माझाच काढला होता. रुबाब यावा म्हणून नुसती मिशी वाढवली. आता सगळा बाजार विचारतोय, वैशाखऱ्याचे जयरामभाऊ या वयात पुन्हा कसे बोहल्यावर चढले? शेठनी तुम्हाला अजून पाहिलेलं नाही. तेव्हा मामा, रविवारी मिशी काढून या.